ऊया आठवतोय का कुणाला? मोबाइलच्या चिपवर चालणारा ९९ डॉलरचा कन्सोल

पाटीवरचा_खडू (धागाकर्ता)

या विभागात नव्या मोबाइलवर रोज चार धागे निघतात. आपटलेल्या यंत्रांवर मात्र कुणी लिहीत नाही, म्हणून हा खटाटोप. लांबण लागणार आहे, चहा घेऊन बसा.

१० जुलै २०१२ ला किकस्टार्टरवर (लोकांकडून आगाऊ पैसे गोळा करायचं संकेतस्थळ) ऊया नावाच्या गेम कन्सोलची मोहीम सुरू झाली. मागे होत्या ज्युली उरमन, पूर्वी आयजीएन या गेमिंग संकेतस्थळावर काम केलेल्या. डबा डिझाइन केला ईव्ह बेहार यांनी, म्हणजे गरीब देशांतल्या मुलांसाठीचा तो हिरवा-पांढरा एक्सओ लॅपटॉप ज्यांनी डिझाइन केला तेच. सल्लागारांत एक्सबॉक्सच्या सुरुवातीच्या काळातले एड फ्राइज होते. मागितले होते साडेनऊ लाख डॉलर, आणि ते साधारण आठ तासांत जमले. ९ ऑगस्टला मोहीम संपली तेव्हा आकडा होता ८५,९६,४७४ डॉलर आणि पैसे देणारे ६३,४१६ जण.

वस्तू काय? जेमतेम साडेसात सेंटिमीटरचा चौकोनी ठोकळा. आत एनव्हिडियाची टेग्रा ३ चिप, १ जीबी रॅम, ८ जीबी साठवण, अँड्रॉइड ४.१. मागे एचडीएमआय, यूएसबी आणि नेटवर्कची वायर लावायची सोय. सोबत एक ब्लूटूथ कंट्रोलर. किंमत ९९ डॉलर, तेव्हाच्या भावाने साधारण साडेपाच हजार रुपये. त्याच चिपचा भाऊबंद गूगलच्या पहिल्या नेक्सस ७ टॅबलेटमध्ये होता. थोडक्यात, स्क्रीन आणि बॅटरी काढलेला टॅबलेट टीव्हीला लावायचा.

पण लोकांनी पैसे ओतले ते चिपसाठी नव्हेत. वचनं तीन होती. विकत घेतलेला प्रत्येक डबा हाच गेम बनवायचा संच, वेगळी डेव्हलपर किट घ्यायची गरज नाही. रूट केलात, म्हणजे आतल्या प्रणालीचा पूर्ण ताबा घेतलात, तरी वॉरंटी जात नाही. आणि दुकानातला प्रत्येक गेम आधी फुकट खेळून बघता येईल, मग आवडला तर पैसे. सोनी-मायक्रोसॉफ्टच्या काळात, जिथे छोट्या गेमवाल्याला दारातून आत शिरायलाच वर्ष जायचं, तिथे हे ऐकून माणसं हरखून गेली यात नवल नाही.

मार्च २०१३ च्या अखेरीस पाठीराख्यांना डबे निघाले. दुकानात ४ जूनला येणार होता तो २५ जूनला आला. जुलै २०१५ मध्ये सॉफ्टवेअर आणि माणसं रेझर कंपनीकडे गेली, कन्सोल बंद. २५ जून २०१९ ला ऑनलाइन दुकानाचंही शटर पडलं.

माझं म्हणणं एवढंच: ऊयाने मोबाइलची चिप घेतली ते ठीक, पण सोबत मोबाइलचं घड्याळही घेतलं. फेब्रुवारी २०१३ मध्ये, म्हणजे पहिला डबा अजून लोकांच्या हातात पडायचा होता तेव्हा, उरमनबाईंनी सांगितलं की फोनसारखा दरवर्षी नवा ऊया काढणार. चिप स्वस्त होत जातात, मग वाट कशाला बघायची, असा हिशोब. फोन माणूस दोन वर्षांनी बदलतो कारण तो खिशात घासतो, पडतो, बॅटरी मरते. टीव्हीखालचा डबा कोण दरवर्षी बदलतो? आमच्याकडे टीव्हीखालचा व्हीसीआर वीस वर्षं हलला नव्हता. आणि दरवर्षी नवा येणार असेल तर आजचा कशाला घ्यायचा?

मतं येऊ द्या.

उगीच

एवढं सगळं वाचलं. प्रश्न एकच. कॉन्ट्रा (तो जुना गोळीबाराचा गेम) चालायचा का?

म्हापशेकर

@उगीच, पळायचा! ऊया घेणाऱ्यांतल्या निम्म्यांनी तो त्यासाठीच घेतला असावा असं मला वाटतं. जुन्या कन्सोलची एम्युलेटर, म्हणजे त्यांची नक्कल करून त्यांचे गेम चालवणारे प्रोग्रॅम, थेट ऊयाच्याच दुकानात मिळायची. त्यात चित्रपट बघायला एक्सबीएमसी, म्हणजे आजचं कोडी.

आपल्या पिढीला हे वेगळं समजावायला नको. नव्वदीत आपण ज्याला 'टीव्ही गेम' म्हणायचो ते बहुतेक निन्टेंडोच्या जुन्या यंत्राच्या नकला होते. मीडिया, नंतर मुंबईच्या मिताशीचे डबे. पिवळी कॅसेट, तिच्यावर '९९९९९९ इन वन', आणि आत खरे गेम दहा-बारा, बाकी तेच पुन्हापुन्हा. अधिकृत निन्टेंडो बघितलेला माणूस अख्ख्या म्हापशात मला भेटला नाही. त्यामुळे स्वस्त डबा टीव्हीला लावून खेळणे ही कल्पना आपल्याकडे ऊयाच्या वीस वर्षं आधीच रुजलेली होती. आणि तरी ऊया भारतात अधिकृतपणे आलाच नाही.

खडूशेठ, लेख छान, पण घड्याळाचं कारण मला लांबचं वाटतं. सरळ कारण: लोकांनी गेम विकत घेतले नाहीत. दुकानात आल्यावर महिन्याभरात खुद्द उरमनबाईंनी सांगितलं होतं की पैसे देऊन एखादा तरी गेम घेतलेले मालक सुमारे २७ टक्के. म्हणजे चारातले तिघे फुकटे. मीही त्या तिघांतलाच असतो.

एडिसनकर

माझ्याकडे आहे. किकस्टार्टरवाला. अजूनही कपाटात आहे, बायकोच्या मते अडगळ.

एक बारीक गोष्ट कुणी लिहीत नाही ती लिहितो. सुरुवातीच्या काळात डबा पहिल्यांदा चालू केला की गेम दिसायच्या आधी क्रेडिट कार्डाचा नंबर मागायचा. कार्ड नाहीतर गिफ्ट कोड, त्याशिवाय पुढे जाता येत नसे. विचार असा असणार की गेम फुकट चाखायला दिला की खरेदी एका बटणावर व्हायला हवी. पण 'सगळं फुकट खेळून बघा' असं सांगून घेतलेला डबा उंबऱ्यावरच कार्ड मागतो, हे बरोबर दिसत नाही. तेव्हा यावर परीक्षकांनी बरंच तोंडसुख घेतलं होतं.

मेनू मात्र मला आवडायचा. चार शब्द, मोठ्या अक्षरांत: प्ले, डिस्कव्हर, मेक, मॅनेज. म्हणजे गेम बनवणे हे खेळण्याच्या बरोबरीने पहिल्याच पडद्यावर. दुसऱ्या कुठल्या कन्सोलने हे केलंय?

आणि टॉवरफॉल! त्याच्याबद्दल खडूसाहेबांनी एक अक्षर लिहिलं नाही, याचा निषेध. चार जण, एका पडद्यावर, प्रत्येकाच्या हातात धनुष्य आणि भात्यात तीन बाण. मारलेला बाण भिंतीत रुततो, तो स्वतः जाऊन काढून आणायचा. समोरच्याचा बाण येताना अचूक क्षणी झुकांडी दिली तर तो हातात धरता येतो, मग तोच त्याच्यावर. बाण संपले तर उडी मारून डोक्यावर पाय. पडद्याच्या डाव्या कडेने बाहेर पडलात की उजव्या कडेने आत येता, आणि बाणही तसेच येतात, त्यामुळे स्वतःच्याच बाणाने मरणारे महाभाग असतात. आमच्याकडे दिवाळीच्या फराळाला जमलेली मंडळी, ज्यांनी आयुष्यात कंट्रोलर धरला नव्हता, तीसुद्धा चकलीचे तेलकट हात पुसून रांगेत उभी होती.

जून २०१३ ला हा गेम फक्त ऊयावर आला. मार्च २०१४ ला प्लेस्टेशन ४ आणि पीसीवर गेला. बनवणाऱ्या मॅडी थॉर्सन यांनी पुढे २०१८ मध्ये सेलेस्ट काढला, तो सगळ्यांना माहीत आहे.

चिकटपट्टी

माझा पेशा गेम बनवायचा, पुण्यात. छोटी टीम. आम्ही त्या काळात एक दोन जणांचा गेम ऊयावर नेला होता, त्यामुळे आतून बघितलेलं सांगतो.

नेणं अवघड नव्हतं. युनिटी हे गेम बनवायचं सॉफ्टवेअर वापरत असाल तर ऊयाचं प्लगइन टाकायचं, स्पर्शाऐवजी बटणं जोडायची, खरेदीची दोन-तीन फंक्शन्स लिहायची. नवा गेम आधी 'सँडबॉक्स'मध्ये पडायचा, लोकांना आवडला की मग मुख्य दुकानात. वाटणी सत्तर-तीस, सगळीकडे असते तशीच.

गोची होती ती फुकट चाखायच्या सक्तीत. कोड्यांचा किंवा गोष्टीचा गेम असेल तर पहिला भाग फुकट, पुढचा विकत, सोपं. पण टीव्हीसमोर चार जणांनी बसून खेळायचा गेम कापायचा कुठे? एक रिंगण आणि दोन पात्रं फुकट दिली की तेवढ्यात पोरांची संध्याकाळ निघते. आणखी रिंगणं विकत घ्या म्हटलं तर 'हेच मस्त आहे की' असं उत्तर. कमी दिलं तर शेरे पडतात की डेमो कंजूष आहे. आम्ही काप तीन वेगवेगळ्या ठिकाणी लावून बघितला आणि शेवटी नाद सोडला. आणि ऊयाचा जीव तर नेमका याच जातीच्या गेममध्ये होता. टॉवरफॉल, बॉम्बस्क्वॉड, हिडन इन प्लेन साइट, सगळे एकत्र बसून खेळायचे.

टॉवरफॉलचे ऊयावर सुमारे ७,००० नग खपले, असं बनवणाऱ्यांनीच सांगितलं होतं. १५ डॉलरचा गेम. एका-दोघांच्या टीमला हे वाईट नाही. पण तो ऊयाचा सगळ्यात गाजलेला गेम होता हे लक्षात घ्या. शिखर सात हजार असेल तर पायथ्याशी आमच्यासारख्यांचं काय होत असेल, हा हिशोब तुम्हीच करा.

ट्रान्झिस्टर_काकू

सगळे गेमबद्दल बोलताहेत म्हणून मी डबा उघडते. आयुष्यभर इलेक्ट्रॉनिक्स शिकवलं, सवय जात नाही.

उघडायला अगदी सुबक. वर चार षटकोनी स्क्रू, ते काढले की आतली पट्टी वर येते. ना डिंक, ना तुटणारे हुक. यंत्रं उघडून बघणाऱ्या आयफिक्सिट संकेतस्थळाने दुरुस्तीसाठी दहापैकी नऊ गुण दिले होते आणि ते योग्यच होते. आत एक छोटा बोर्ड, त्यावर उष्णता खेचणारा तुकडा, त्यावर पंखा. आणि तळाशी, हसू नका, धातूची पाच वजनं. कारण डबा इतका हलका की एचडीएमआयची जाड वायर मागून लावली तर तो पाठीवर पडला असता. फोनचं पोट एवढंसं असतं, ते घराच्या टीव्हीशेजारी नीट उभं राहावं म्हणून त्याला भार बांधावा लागला.

आता चिप. टेग्रा ३ ला चार कोअर (काम करणारे भाग) आहेत हे जाहिरातीत सांगतात. खरं तर पाच. पाचवा कोअर मुद्दाम सावकाश चालणारा, फोन खिशात निपचित असताना फक्त मेल बघायला, म्हणजे बॅटरी वाचते. आता हा डबा कायम भिंतीतल्या विजेवर. पाचव्या कोअरचा उपयोग शून्य, पण चिपमध्ये तो आहेच, त्याची जागा आणि पैसे तुम्ही दिलेलेच आहेत. उलट जे हवं होतं ते कमी. मेमरीकडे जाणारा रस्ता एकच, ३२ बिटांचा. सात इंची टॅबलेटच्या पडद्याला तो पुरतो. १०८० ओळींचा टीव्ही भरायचा म्हणजे प्रत्येक फ्रेमला वीस लाखांवर ठिपके, सेकंदाला साठदा, आणि तेही एकावर एक थर. तिथे धाप लागते. म्हणून कित्येक गेम ७२० ओळींवर चालवून ताणले जायचे.

खडूंच्या घड्याळाच्या मुद्द्याला पुरवणी. टेग्रा ३ बाजारात आली २०११ च्या शेवटी. टेग्रा ४ जानेवारी २०१३ मध्ये जाहीर झाली. ऊया दुकानात आला जून २०१३ ला, टेग्रा ३ घेऊन. म्हणजे फोनच्या हिशोबाने तो जन्मतःच मागच्या पिढीचा. त्याच वर्षी जुलैअखेर खुद्द एनव्हिडियाने टेग्रा ४ घातलेला शील्ड विकायला काढला, २९९ डॉलरला. चिप विकणाऱ्यानेच शेजारी नवं दुकान थाटलं. आणि गंमत म्हणजे मे २०१३ मध्ये ऊयाला जे दीड कोटी डॉलर मिळाले, त्या गुंतवणूकदारांत क्लायनर पर्किन्स या गुंतवणूक कंपनीच्या मागोमाग एनव्हिडियाही होती.

कंट्रोलरवर नंतर लिहिते, कुकर लावलाय.

नदीकाठचा

काकू दंडवत _/\_

पण खडू आणि काकू, दोघांनाही एक प्रश्न. निन्टेंडो स्विच मार्च २०१७ ला आला. त्यात काय आहे? टेग्रा एक्स१. त्याच घराण्यातली, एनव्हिडियाचीच, २०१५ ची चिप. म्हणजे तोही जन्मतः दोन वर्षं शिळा. तो आठ वर्षं त्याच चिपवर विकला गेला आणि पंधरा कोटींच्या वर गेला. मग मोबाइलची शिळी चिप हे कारण कसं?

पाटीवरचा_खडू

@नदीकाठचा, अहो तुम्ही माझ्याच बाजूने बोलताय!

मी चिपला दोष दिलाच नाही. स्विचने चिप घेतली आणि घड्याळ नाकारलं. निन्टेंडोने सांगितलं, हेच यंत्र, पुढची कित्येक वर्षं हेच. म्हणून गेम बनवणाऱ्याने त्या एका यंत्रातून शेवटचा थेंब पिळून काढला. ऊयाने पहिल्याच वर्षी सांगितलं की हे तात्पुरतं आहे. मग त्याच्यासाठी खास मेहनत कोण घेणार? फोनवरचा गेम उचलून आणायचा आणि बटणं जोडायची, झालं.

प्रत्यक्षात दुसरा ऊया आलाच नाही. पुढे १६ जीबीचा पांढरा डबा निघाला १२९ डॉलरला, आत चिप तीच. म्हणजे दरवर्षीच्या नव्या मॉडेलच्या वचनाचा तोटा पूर्ण झाला, फायदा काहीच नाही.

नदीकाठचा

हम्म. अर्धंच पटलं. निन्टेंडोकडे झेल्डा आणि मारिओ हे गाजलेले गेम होते, ते तुम्ही सोयीस्करपणे बाजूला ठेवताय. लोक चिप घेत नाहीत आणि घड्याळही घेत नाहीत, झेल्डा घेतात.

अवांतर: ऊयाच्या आधीही हा प्रयोग झालाय. झीबो. २००९ मध्ये ब्राझीलमध्ये आला, क्वालकॉम आणि तिथली टेकटॉय कंपनी यांचा. आत चक्क फोनची क्वालकॉम चिप आणि फोनवरचीच ब्रू प्रणाली. ना डिस्क ना कॅसेट. गेम मोबाइलच्या थ्रीजी नेटवर्कवरून उतरायचा आणि त्या डाउनलोडचे पैसे लागत नसत. ब्राझीलमध्ये परदेशी कन्सोलवर भरमसाट कर आणि गल्लोगल्ली नकली डिस्क, त्यामुळे नक्कल न होणारा स्वस्त डबा असा विचार. मग मेक्सिको. भारत-चीनही यादीत होते. २०११ मध्ये गाशा गुंडाळला. ऊयाने सगळं उघडं ठेवलं, झीबोने सगळं बंद ठेवलं, दोघेही गेले. त्यामुळे 'उघडं की बंद' हा वाद इथे तरी बाद.

म्हापशेकर

झीबो! हे नावच पहिल्यांदा ऐकलं. वाचनखूण साठवली.

नदीकाठच्यांच्या झेल्डाच्या मुद्द्याला +१. ऊयावर पहिल्या दिवशी मोठं नाव काय होतं? स्क्वेअर एनिक्सचा फायनल फँटसी ३. जो फोनवर आधीच होता.

ट्रान्झिस्टर_काकू

आले. कंट्रोलर.

या कंट्रोलरच्या दोन्ही मुठींवर चांदीच्या रंगाच्या पट्ट्या, चुंबकाने बसवलेल्या. ओढली की निघते, आत एक पेन्सिल सेल. डावीकडे एक, उजवीकडे एक. तोल सांभाळायला कल्पना चांगली, पण बाहेर कुठे खाच नाही, खूण नाही, त्यामुळे सेल कुठे घालायचे हेच लोकांना सापडत नसे. उजव्या पट्टीला भोकं, त्यातून ओ, यू, वाय, ए ही चार बटणं वर येतात. पहिल्या डब्यांत भोकं इतकी नेमकी की बटण जोरात दाबलं की पट्टीच्या कडेखाली अडकून राहायचं. उड्या मारायच्या गेममध्ये उडीचंच बटण खाली चिकटलं तर काय होणार! शेवटी भोकं मोठी केली. दुकानातली तारीख ४ जूनवरून २५ ला गेली त्याचं कंपनीने दिलेलं कारण मात्र वेगळं होतं: मागणी अपेक्षेपेक्षा जास्त, म्हणून जास्त डबे बनवायला वेळ हवा.

मधली काळी पट्टी म्हणजे लॅपटॉपसारखा टचपॅड. फोनसाठी लिहिलेला प्रोग्रॅम आणि समोर टीव्ही, मग बोट कुठे लावायचं, त्यावर काढलेला तोडगा. मला तो पट्टा म्हणजे मूळ अडचणीची पावती वाटतो.

बटण दाबल्यापासून पडद्यावर हालचाल दिसेपर्यंतच्या उशिरावरही तेव्हा बरीच ओरड झाली. त्यात तीन टप्पे असतात: कंट्रोलरपासून डब्यापर्यंत ब्लूटूथ, मग अँड्रॉइडची आतली रांग, आणि शेवटी टीव्ही स्वतः चित्र घासूनपुसून दाखवतो तो वेळ. तिसरा टप्पा टीव्हीत गेम मोड लावून कमी होतो. पहिले दोन तुमच्या हातात नाहीत. ४.१ च्या काळातली अँड्रॉइड फोनवर बोट सरकवण्यासाठी घडवलेली होती, सेकंदाच्या साठाव्या भागात बाण पकडण्यासाठी नव्हे.

उगीच

काकू, आमच्या कॉलेजात तुम्ही शिकवायला असता तर मी नापास झालो नसतो.

ट्रान्झिस्टर_काकू

झाला असतात. हजेरी बघायचे मी.

एडिसनकर

=))

पैशाच्या बाजूचे दोन किस्से राहिलेत.

पहिला, जून २०१३, लॉस एंजेलिसचा ईथ्री हा गेमिंगचा मेळावा. ऊयाने आत गाळा घेतला नाही. समोरच्या रस्त्यापलीकडचं पार्किंग भाड्याने घेऊन तिथे तंबू ठोकला. आयोजक संघटनेने मग मधल्या पार्किंगच्या जागा घेऊन तिथे ट्रक उभे केले, ऊया दिसू नये म्हणून, अशी कंपनीची तक्रार होती. बातम्या भरपूर छापून आल्या. फुकटची प्रसिद्धी हवी तर अशी.

दुसरा कमी गमतीचा. 'फ्री द गेम्स' नावाचा दहा लाख डॉलरचा निधी. तुमच्या गेमने किकस्टार्टरवर किमान ५०,००० डॉलर उभे केले की ऊया तेवढेच आणखी देणार, अडीच लाखांपर्यंत. अट एकच, सहा महिने गेम फक्त ऊयावर. आता मला सांगा, हा नियम वाचून कुणाच्या डोक्यात पहिला विचार काय येईल?

उगीच

काकाकडून पन्नास हजार घ्या, किकस्टार्टरवर स्वतःलाच द्या, ऊयाकडून पन्नास मिळाले की काकाचे परत.

एडिसनकर

बरोब्बर. नेमकं कुणी काय केलं हे सिद्ध व्हायचं राहिलं, पण दोन मोहिमांवर बोटं उठली. पाठीराखे मूठभर आणि माणशी रक्कम अवाच्या सवा. त्यातली एक, शेरलॉक होम्सवरच्या गेमची, किकस्टार्टरने स्वतःच थांबवली. आधी ऊयाने नियमांची बाजू घेतली, मग छोटे गेमवाले चिडले, काहींनी ऊयावरून गेम काढून घ्यायची भाषा केली, तेव्हा सप्टेंबरात नियम बदलले. किमान रक्कम १०,००० वर आली.

चिकटपट्टी

या निधीचं पुढचं प्रकरण आम्हा लोकांना जास्त लागलं. रेझरने ऊया घेतला तेव्हा घेतलं ते सॉफ्टवेअर, दुकान आणि माणसं. निधीतून कबूल केलेले पण न दिलेले पैसे त्या व्यवहारात नव्हते. काही टीम त्या पैशाच्या भरवशावर गेम बनवत बसलेल्या. आरडाओरड झाल्यावर रेझरने ते देणं पूर्ण करायचं मान्य केलं, बदल्यात गेमच्या काही प्रती फुकट वाटायच्या अशा बोलीवर. निभावलं म्हणायचं.

एक मात्र ऊयाच्या खात्यात जमा करायला हवं. 'दॅट ड्रॅगन, कॅन्सर' या गेमला सुरुवातीच्या काळात पैसे ऊयाने दिले होते. एका दांपत्याने आपल्या आजारी बाळावर केलेला गेम. खपाचा हिशोब करून असल्या गोष्टीला कुणी पैसे देत नाही. हा गेम २०१६ मध्ये आला, तोवर ऊया राहिलेला नव्हता.

आणि खडूशेठ, घड्याळाबद्दल. मला वाटतं तुम्ही ते चुकीच्या भिंतीवर टांगलंय. दरवर्षीच्या नव्या मॉडेलने आम्हाला काही फरक पडत नव्हता, अँड्रॉइडवर शंभर तऱ्हेचे फोन सांभाळायची आम्हाला सवय होती. आम्हाला मारलं ते फोनच्या किमतीने. फोनवर ज्या गेमला लोक एक डॉलर देतात, त्याला टीव्हीवर पंधरा का द्यायचे, हा प्रश्न ९९ डॉलरच्या डब्याने स्वतःच गिऱ्हाइकाच्या मनात पेरला. स्विचवर तोच माणूस साठ डॉलर मुकाट देतो.

पाटीवरचा_खडू

@चिकटपट्टी, किमतीचा मुद्दा जोरदार. पण दोन्ही एकाच झाडाची फळं आहेत असं मी अजूनही म्हणेन. दरवर्षी बदलायची वस्तू म्हणून विकलीत की तिच्यावर चालणारा गेमही किरकोळ वाटणारच. ज्याला गेम दहा वर्षं कपाटात ठेवायचा असतो तोच साठ डॉलर देतो.

आणि नंतर तर स्पर्धा सिनेमे बघायला टीव्हीला लावायच्या काडीशी लागली. जुलै २०१३ ला ३५ डॉलरचा क्रोमकास्ट, एप्रिल २०१४ ला ९९ डॉलरचा अॅमेझॉन फायर टीव्ही, वेगळा कंट्रोलर विकत घेऊन त्यावर गेमही. ज्याला सिनेमे बघायला ऊया हवा होता तो तिकडे गेला. ज्याला एम्युलेटर हवे होते तो रास्पबेरी पाय या छोट्या स्वस्त संगणकाकडे गेला. अलीबाबाने पैसे घातले, 'ऊया एव्हरीव्हेअर' म्हणून दुसऱ्यांच्या डब्यांवर आपलं दुकान चालवायचाही प्रयत्न झाला. पण तोवर जागा भरल्या होत्या.

अवांतर: उरमनबाई पुढे एंजल सिटी या लॉस एंजेलिसच्या महिला फुटबॉल संघाच्या सहसंस्थापक झाल्या. तिथे त्यांचं उत्तम चाललं.

म्हापशेकर

कपाटात दहा वर्षं ठेवायचा म्हणालात म्हणून. २५ जून २०१९ ला सर्व्हर बंद झाले, तेव्हा डाउनलोड करून ठेवलेले गेम चालायचे, पण खरेदीची पावती सर्व्हरला विचारणारे गेम पैसे देऊनही पुन्हा डेमो झाले. ज्यांनी फॅक्टरी रीसेट केला ते आणखी अडकले, कारण डबा चालू होताना नोंदणीसाठी जो सर्व्हर शोधतो तोच नाही.

मग चाहत्यांनी गेमच्या फायली जमा केल्या आणि ऊयाच्या सर्व्हरसारखीच उत्तरं देणारा पर्यायी सर्व्हर लिहिला. डब्याला पत्ता बदलून सांगायचा, की दुकान पुन्हा उघडतं. हे जमलं कारण डबा उघडा होता. सुरुवातीच्या तीन वचनांतलं एक शेवटी असं उपयोगी पडलं. झीबोवाल्यांना यातलं काय मिळालं, नदीकाठचे? त्यामुळे 'उघडं की बंद' हा वाद बाद वगैरे नाही हं.

नदीकाठचा

हा मुद्दा तुमचा. पण मेल्यावर कामाला आला, जिवंत असताना नाही.

उगीच

बरं, आता कामाचं बोला. एक जण जुना ऊया विकतोय, डबा आणि दोन कंट्रोलर, तीन हजार म्हणतो. घेऊ का? कॉन्ट्रा आणि टॉवरफॉल, एवढंच हवंय.

ट्रान्झिस्टर_काकू

नका. आधी विचारा की रीसेट केलाय का. केला असेल तर म्हापशेकरांनी सांगितलेली कसरत तुम्हाला करावी लागेल. केला नसेल तर आधीच्या मालकाचं खातं त्यात असेल. आणि पंखा फिरतो का ते कान लावून बघा, एवढ्या वर्षांत त्यात धूळ बसलेली असते. कंट्रोलरच्या आत सेल तसेच ठेवून दिले असतील तर पट्टी काढून हिरवट पूड दिसते का बघायची, दोन्ही बाजूंना.

चिकटपट्टी

टॉवरफॉल पीसीवर सेलमध्ये अगदी स्वस्तात मिळतो, स्विचवरही आहे. कॉन्ट्रासाठी कुठलाही जुना लॅपटॉप पुरे. घेतलंच तर फक्त कंट्रोलर घ्या, ते ब्लूटूथने पीसीला जोडता येतात.

उगीच

विचारलं त्याला. फक्त कंट्रोलर हवेत म्हटल्यावर म्हणतो, कंट्रोलर अडीच हजार, डबा पाचशे.

एडिसनकर

माझ्याकडचा डिसेंबरात भारतात येताना घेऊन येतो. टॉवरफॉलसकट आहे, खरेदी केलेला, रीसेट न केलेला. चार कंट्रोलर. पुण्यात कट्टा ठरवा कुणीतरी, सेल तुमचे.